साबणाच्या कारखान्यातलं धुकं

युद्धाला तिसरं वर्ष लागलं तेव्हा कर्नलना साबणाचा एक बंद पडलेला कारखाना ताब्यात घ्यायचा हुकूम मिळाला.

कर्नल मूळचे पूल बांधणारे. आदल्या वर्षी त्यांच्या तुकडीनं एका नदीवर तरंगता पूल टाकला होता. सकाळ लख्ख होती. इतकी लख्ख, की पलीकडच्या टेकडीवरून तोफा डागणाऱ्यांना पुलावरचा एकेक माणूस वेगळा दिसत होता. त्या दिवसानंतर कर्नलना निरभ्र आकाश आवडेनासं झालं. जनरलसाहेबांपुढे उभं राहून ते एवढंच म्हणाले होते, "थोडं धुकं असतं ना साहेब, तर माझी पोरं वाचली असती."

जनरलसाहेब ते वाक्य विसरले नाहीत. काही महिन्यांनी त्यांनी कर्नलना बोलावून घेतलं.

"धुकं हवं होतं ना तुम्हाला? मग बनवा."

"बनवा म्हणजे, साहेब?"

"म्हणजे बनवा. शास्त्रज्ञ देतो, शिपाई देतो, मागाल ते सामान देतो. या हिवाळ्यात तीच नदी ओलांडायची आहे. आणि कुठे अवाक्षर निघता कामा नये. घरीसुद्धा नाही."

जागा कर्नलनीच सुचवली. एका दरीच्या काठावर, डोंगराच्या खांद्यावर तो कारखाना होता. खाली दरीच्या तळाशी एक लहानसं गाव, आणि त्या गावात कर्नलची थोरली बहीण राहायची. ताईच्या गॅलरीत बसून त्यांनी कितीतरी संध्याकाळी पाहिलं होतं, की तिथल्या घरांचा धूर सरळ वर जातो आणि छपरांच्या थोडा वर जाऊन रेंगाळतो, जणू पुढे कुठं जायचं ते त्याला आठवत नाही. त्या दरीत वाराच नसायचा. धुकं बनवायला आणखी काय हवं?

कारखान्यात मोठाल्या कढया होत्या, बॉयलर होते, भिंतींना अजून साबणाचा वास होता. पहिल्या पावसाळी आठवड्यात तर जमिनीला फेस यायचा आणि शिपाई घसरून पडायचे. गावात सांगितलं गेलं की लष्करासाठी साबणाचा कारखाना परत सुरू होतोय. ते सगळ्यांना पटलं. लष्कराचे कपडे मळतात, हे कुणालाही ठाऊक होतं.

कर्नलना आजवर हुकूम ऐकणारी माणसं ठाऊक होती. इथं आलेली माणसं हुकूम ऐकून घ्यायची आणि वर विचारायची, "का?" त्यांतले सगळ्यांत वरचे एक रसायनशास्त्रज्ञ होते, त्यांना सगळे प्रोफेसर म्हणायचे. गडी हुशार, पण नाकावर माशी बसू द्यायचा नाही. कुणी त्यांच्या नळीला हात लावला की दिवसभर खोलीचं दार बंद. दुसऱ्या होत्या हवामानखात्यातून आलेल्या एक बाई. त्या रोज सकाळी गच्चीवर जाऊन फुगे सोडायच्या आणि मान वर करून बघत बसायच्या. शिपायांनी त्यांचं नाव हवाबाई ठेवलं. बाईंना ते कळलं तेव्हा त्या म्हणाल्या, "बरं आहे की. खरं नाव कुणाला धड उच्चारता येत नाही."

आणि कर्नलचं नाव पडलं मुकादम. कारण ते दिवसभर हिंडत असायचे. नळ्या कुठं गळतात, कोळसा ओला आहे का, प्रोफेसर जेवले का, हे सगळं बघायचे. सुरुवातीला त्यांनी प्रोफेसरांना एकदा लष्करी आवाजात झापलं होतं. प्रोफेसरांनी दार बंद केलं ते दोन दिवस उघडलं नाही. तिसऱ्या दिवशी कर्नल स्वतः चहाचा कप घेऊन दाराबाहेर जमिनीवर बसले.

"प्रोफेसर, मला पूल बांधता येतो. धुकं बनवता येत नाही. तुम्हाला येतं. तेव्हा रागवायचं असेल तर हिवाळ्यानंतर रागवा."

चहा निवत आला. मग कडी निघाली. "चहात साखर आहे का?"

त्यानंतर त्या दोघांचं जमलं.

पहिले कित्येक महिने धुक्याच्या नावाखाली नुसता काळा धूर निघत होता. लोक खोकायचे, वाळत घातलेले शर्ट काजळायचे. मग प्रोफेसरांना सुचलं की तेल जाळायचं नाही, वाफेबरोबर नुसतं तापवायचं आणि बारीक तोंडाच्या नळीतून जोरात बाहेर सोडायचं. थंड हवा लागली की त्याचे सूक्ष्म थेंब होतील.

ज्या दुपारी ते जमलं, तेव्हा अंगणात सगळेच उभे होते. नळीतून आधी काहीच दिसलं नाही. तोंडापासून हातभर अंतर रिकामंच होतं, आणि त्या रिकाम्या हवेतून एकदम पांढरं काहीतरी फुलायला लागलं. ते वर गेलं नाही. जमिनीवर उतरलं, अंगणभर पसरलं, शिपायांच्या बुटांवरून, मग गुडघ्यांवरून वर चढलं.  हवाबाईंनी हात पुढे केला आणि तो कोपरापासून नाहीसा झाला. त्या लहान मुलीसारख्या हसल्या. कर्नलच्या डोळ्यांसमोरून कारखाना गेला, डोंगर गेला, स्वतःचे हातही गेले. कुठूनतरी प्रोफेसरांचा आवाज आला, "मुकादम, आहात का?"

"आहे," कर्नल म्हणाले. कितीतरी दिवसांनी त्यांना हलकं हलकं वाटत होतं. त्यांना वाटलं, या पांढऱ्यात चालत राहावं, आणि पुलावरची ती पोरं कुठंतरी जवळूनच, न दिसता, धडधाकट चालत जात असतील.

रविवारी दुपारी कर्नल साधे कपडे घालून ताईकडे जायचे. ताई शिवणाचे वर्ग घ्यायची. भावोजी चित्रकलेचे मास्तर होते, आता निवृत्त. त्यांना दम्याचा त्रास, म्हणून खिडकीशी आरामखुर्ची टाकून ते बसल्या जागेवरून दरी रंगवायचे. तीच दरी, पुन्हा पुन्हा.

"एवढा साबणाचा कारखाना चालवतोस," ताई म्हणायची, "आणि सख्ख्या बहिणीला एक वडी आणवत नाही तुला?"

शेवटी कर्नलनी शहरातून दोन वड्या विकत आणल्या, कागद काढून टाकले आणि रुमालात गुंडाळून ताईला दिल्या. ताईनं वास घेतला. "बरा आहे हो तुमचा माल!" भावोजींनीही वास घेतला. मग त्यांनी खिडकीबाहेर डोंगराच्या खांद्याकडे पाहिलं, आणि ब्रश पाण्यात खळबळत म्हणाले, "साबणाचा धूर एवढा पांढरा असतो, हे मला नवीनच."

कर्नलनी रुमालाची घडी घालून खिशात ठेवली. भावोजींनीही पुढे विचारलं नाही.

थंडी पडायला लागली तसे जनरलसाहेबांचे फोन वाढले. नदीवर जायच्या आधी एक पूर्ण चाचणी हवी होती. सगळ्या नळ्या एकदम, सगळे बॉयलर एकदम, सबंध दिवस. त्यांना स्वतः येऊन बघायचं होतं, पण त्याआधी चाचणी झालेली हवी होती.

ठरलेल्या सकाळी हवाबाई गच्चीवरून खाली आल्या. त्यांचा फुगा थोडा वर जाऊन तिथंच लोंबकळत राहिला होता.

"साहेब, आज नको."

"का?"

"दरीवर झाकण बसलंय. खाली गार हवा, वर ऊबदार हवा. आपण सोडू ते सगळं खाली उतरेल आणि तिथंच बसेल. गावात."

"किती वेळ?"

"वारा येईपर्यंत."

"आणि वारा कधी येईल?"

बाईंनी खांदे उडवले. "उद्या येईल. आठवड्यानं येईल. मी काय सांगू?"

कर्नलनी प्रोफेसरांकडे पाहिलं. प्रोफेसर चष्मा पुसत होते. तेलाचे थेंब आहेत, म्हणाले, थोडा वेळ अंगावर घेतले तर काही नाही. जास्त वेळाचं मला माहीत नाही. कर्नलच्या डोळ्यांपुढे ती लख्ख सकाळ आली. आज चाचणी झाली नाही तर नदीवरची तारीख हुकणार, की धुक्याशिवायच पूल टाकायला लावणार? जनरलसाहेबांच्या मनाचा भरवसा नव्हता.

"सुरू करा," ते म्हणाले.

हवाबाई परत वर गेल्या.

दिवसभर नळ्या फुसफुसत राहिल्या. धुकं कड्यावरून खाली ओतलं जात होतं, संथ, आवाज न करता, दूध उतू जावं तसं. दुपारपर्यंत शेतं दिसेनाशी झाली. मग छपरं, मग घड्याळाच्या मनोऱ्याचं टोक. संध्याकाळी दरी काठोकाठ भरली होती आणि वर आकाश स्वच्छ गुलाबी होतं. शिपाई काठावर बसून बघत होते. एक जण म्हणाला, "पाऊल टाकलं तर चालत पलीकडे जाता येईल असं वाटतंय." चाचणी उत्तम झाली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी धुकं तसंच होतं. दुपारीही. कर्नल काठावर उभे होते. खालून आवाज येत होते, पण गाव खाली आहे असं वाटत नव्हतं. आवाज पाण्याखालून आल्यासारखे येत होते. कुणीतरी थाळी वाजवत होतं. कुत्री भुंकत होती. आणि त्या सगळ्यांतून खोकल्याचे आवाज येत होते.

त्यांनी ओला रुमाल तोंडाला बांधला आणि एकटेच उतरायला लागले.

पांढरं घोट्यांपर्यंत आलं, कमरेपर्यंत आलं, मग डोक्यावरून गेलं. रस्ता पायांनाच कळत होता. गावात शिरल्याचं त्यांना कळलं ते कपड्यांच्या दोरीमुळे. लोकांनी दारादारांतून दोऱ्या बांधल्या होत्या आणि त्यांना धरून माणसं चालत होती. समोरून एक बाई आली, तिनं कर्नलच्या बाहीला हात लावला, चाचपला, "अगंबाई, मला वाटलं आमचेच हे," म्हणाली, आणि निघून गेली. दोन म्हातारे समोरासमोर उभे राहून एकमेकांना "कोण? कोण?" विचारत होते. एका ओट्यावर कुणी दिवा लावला होता. त्याचा प्रकाश पुढे न जाता दिव्याभोवतीच कापसासारखा गोळा झाला होता. सगळं गाव झोपेत चालत असावं तसं होतं. कर्नलना क्षणभर तेही सुंदर वाटलं, आणि आपल्याला ते सुंदर वाटलं याची त्यांना भीती वाटली.

ताईच्या घरात खिडक्यांच्या फटींत चिंध्या कोंबल्या होत्या. तरी आत पांढरं होतंच. भावोजी खुर्चीत पुढे वाकून बसले होते, दोन्ही हात गुडघ्यांवर, आणि एकेक श्वास ओढून घेत होते. त्यांचे ओठ निळसर पडले होते.

"आलास!" ताई म्हणाली. "अरे, डॉक्टर सापडत नाहीये. हे कसलं धुकं आहे रे? तोंडात तेलकट लागतंय."

 कर्नल भावोजींपुढे पाठमोरे बसले. "चला. पाठीवर बसा माझ्या."

"कुठं नेतोस?"

"वर. कारखान्यात. वर ऊन आहे."

"तिथं बाहेरच्यांना सोडतात?"

"मी सोडतो," कर्नल म्हणाले.

ते दोरी धरून निघाले. मागे ताईनं त्यांच्या सदऱ्याचं टोक धरलं होतं. वाटेत कुणीतरी विचारलं, "कोण? कुठं चाललात?" आवाज कोपऱ्यावरच्या शिंप्याचा होता. कर्नलनी सांगितलं, वर हवा चांगली आहे. "थांबा," शिंपी म्हणाला, "म्हातारीला घेतो." मागून त्याच्या चपलांचा आवाज यायला लागला, आणि त्याच्या आईचं बारीक कण्हणं. आणखी पावलं आली. चढ लागेपर्यंत मागे किती माणसं होती ते कर्नलना कळलं नाही. भावोजींचा श्वास त्यांच्या कानाशी शिटीसारखा वाजत होता. चढावर एकदा ते म्हणाले, "मी जड आहे ना?"

"बोलू नका."

"पांढरा रंग... फार अवघड असतो," भावोजी म्हणाले. "तू... फार वापरलास."

कर्नल चालत राहिले.

मग डोक्यावरचं पांढरं पिवळं झालं, पातळ झालं, आणि ते सगळे एकदम उन्हात आले. मागे वळून पाहिलं तर धुक्यातून एकेक डोकं वर येत होतं, मग खांदे, मग पाठुंगळीची माणसं. कारखान्याच्या फाटकावरच्या पहारेकऱ्यानं बंदूक आडवी धरली.

"साहेब, हुकूम आहे. परक्या माणसाला आत..."

"हुकूम माझाच होता. उघड फाटक. आणि आतल्या सगळ्यांना दोरखंड घेऊन बोलाव. खाली जायचंय. म्हातारी माणसं, लहान मुलं, ज्याला धाप लागतेय तो प्रत्येक जण वर आला पाहिजे."

शिपाई उतरले. प्रोफेसरही उतरले, चष्मा खिशात घालून, कारण धुक्यात त्याचा तसाही उपयोग नव्हता. हवाबाई फाटकाशी उभ्या राहून घंटा वाजवत होत्या, म्हणजे येणाऱ्यांना दिशा कळेल. संध्याकाळपर्यंत अंगण भरून गेलं. अर्धं गाव नळ्यांच्या आणि बॉयलरच्या मधोमध घोंगड्यांवर बसलं होतं. त्यांच्यासमोर त्यांचंच गाव पांढऱ्या समुद्राखाली होतं. साबण कुठंच नव्हता. सगळ्यांना सगळं दिसत होतं आणि कुणी काही विचारत नव्हतं. एका लहान मुलीनं तेवढं नळीच्या तोंडात डोकावून "ओऽ" केलं आणि आतून परत आलेला आवाज ऐकून ती हसली.

शिंप्याची आई त्याच संध्याकाळी गेली. उन्हाकडे तोंड करून बसली होती, बसल्या बसल्याच.

ताई कर्नलजवळ आली. तिनं नळ्यांकडे पाहिलं, मग भावाकडे.

"हे तू केलंस?"

"हो."

"मुद्दाम?"

"गावावर जाईल हे मला सांगितलं होतं. तरी केलं."

ताईनं तोंड फिरवलं. मग जाऊन नवऱ्याची पाठ चोळत बसली. त्यानंतर ती कर्नलशी बोलली नाही.

वारा तिसऱ्या दिवशी आला. त्याच दिवशी जनरलसाहेबही आले. गावकरी खाली परतत होते. ते बघून जनरलसाहेबांचा चेहरा लालबुंद झाला. कार्यालयात शिरल्यावर त्यांनी दार लावून घेतलं आणि कर्नलना काय काय म्हणायचं ते म्हणून घेतलं. कर्नल ताठ उभे होते. राग ओसरल्यावर जनरलसाहेब खुर्चीत बसले आणि वेगळ्याच, मऊ आवाजात म्हणाले,

"नुसत्या धुक्यानं एवढी माणसं हैराण झाली?"

"हो, साहेब. एक बाई गेली."

"हं." जनरलसाहेबांनी खिडकीतून दरीकडे पाहिलं. "मग यात आणखी काही मिसळलं तर? त्यांच्याकडेही दऱ्या आहेत. त्यांच्याकडेही गावं आहेत."

कर्नलना आधी वाटलं आपण चुकीचं ऐकलं.

"साहेब, हे आपण माणसं झाकायला बनवलंय."

"ते ठीक आहे. आता पुढचा विचार करू."

"माझ्याकडून ते व्हायचं नाही."

"हुकूम समजा."

"समजलो. तरी होणार नाही."

"तुम्हाला काढून टाकावं लागेल."

"काढा."

जनरलसाहेबांनी प्रोफेसरांना बोलावलं. प्रोफेसरांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मला नदीच्या धुक्यासाठी आणलंय. ते मुकादमांच्या हाताखाली करून देतो. दुसरं काही असेल तर मी माझ्या खोलीत आहे." आणि त्यांनी खरंच जाऊन दार लावून घेतलं. हवाबाईंना विचारलं तेव्हा त्या म्हणाल्या, "फुगे वर कधी जातील ते फुगे ठरवतात साहेब. मी ठरवत नाही."

नदीची तारीख तोंडावर होती. नवा अधिकारी आणून ही तऱ्हेवाईक माणसं सांभाळायला शिकवायला वेळ नव्हता. जनरलसाहेबांनी दात-ओठ खात नदीपुरतं साधं धुकं मंजूर केलं. त्यानंतर कर्नल लष्करात राहणार नव्हते, हेही त्याच वेळी सांगितलं.

नदीवर हवाबाईंनी या वेळी चार दिवस थांबायला लावलं आणि कर्नल थांबले. मुख्यालयाचे फोन त्यांनी वाजू दिले. पाचव्या पहाटे बाईंनी मान हलवली. धुकं पाण्यावर पसरलं आणि तिथंच राहिलं, काठावरच्या वस्तीकडे गेलं नाही. त्यात पूल टाकला गेला. कर्नल पुलाच्या तोंडाशी उभे होते आणि त्यांना एकही माणूस दिसला नाही. फळ्यांवरून जाणाऱ्या बुटांचा आवाज तेवढा, दुपारपर्यंत, संथ पावसासारखा. तोफा अंदाजानं उडत होत्या, कुठंतरी लांब, पाण्यात. काही माणसं दगावली. बहुतेक सगळी पलीकडे पोचली.

त्यानंतर कारखाना उचलून दुसरीकडे नेला गेला. प्रोफेसर विद्यापीठात परतले, हवाबाई आपल्या खात्यात. नव्या जागी नव्या माणसांनी काय बनवलं, किंवा काही बनवायच्या आतच युद्ध संपलं का, हे कर्नलना कधीच समजलं नाही. वर्तमानपत्रं ते शेवटपर्यंत चाळत राहिले.

वसंतात ते दरीत आले. भावोजी जगले होते, पण जिना त्यांना चढवत नव्हता. खुर्ची खालच्या खोलीत आणली होती आणि तिथून फक्त रस्ता दिसायचा. आता ते रस्ता रंगवत. ताईनं दार उघडलं, बाजूला झाली, आत येऊ दिलं. बोलली नाही. पण दुपारी त्यांचा तो एकुलता एक साधा सदरा पाहून तिनं भावोजींना ऐकवलं, "त्याला म्हणावं, शिंप्याकडे जाऊन ये. असा काय फिरतोय?"

कोपऱ्यावरच्या दुकानात जायला कर्नलचे पाय उचलत नव्हते. तरी गेले. शिंप्यानं मान वर करून पाहिलं. मशिन थांबली. दुकानात दुसरं कुणी नव्हतं.

"सदरे शिवायचेत," कर्नल म्हणाले. "आणि आईंबद्दल..."

"माहीत आहे," शिंपी म्हणाला. "वर तुमच्यामागूनच चढलो होतो मी. ते आधीचंही माहीत आहे. गावात सगळ्यांनाच माहीत आहे."

मग तो उठला. गळ्यातली टेप काढून त्यानं कर्नलना उजेडाकडे वळवलं.

"हात वर करा."

कर्नलनी हात वर केले. शिंप्यानं छातीभोवती टेप फिरवली, आकडा पुटपुटला, खांद्यावरून मनगटापर्यंत माप घेतलं. प्रत्येक माप त्यानं दोनदा घेतलं.

"गणवेशाच्या मापानं शिवू नका," कर्नल म्हणाले.

"नाही," शिंपी म्हणाला. "खांदे उतरलेत तुमचे. ढगळ ठेवतो. शुक्रवारी या."